मृतावरचे वस्त्र कोणी ओढले?

बीड जिल्ह्यातील मस्साजोगचे सरपंच संतोष देशमुख यांची ९ डिसेंबर २०२४ रोजी अपहरण करून हत्या करण्यात आली. राज्य गुन्हे अन्वेषण विभागाने फेब्रुवारी २०२५च्या अखेरीस न्यायालयात आरोपपत्र दाखल केले आणि ३ मार्च रोजी त्या आरोपपत्रातील छायाचित्रे चव्हाट्यावर आली. दूरचित्रवाणीच्या पडद्यावर ती कुठे धूसर करून, तर कुठे पुरती धूसर न करता दाखविली गेली. मोबाईलवर मात्र ती जशीच्या तशी फिरली. मस्साजोगहून अंबाजोगाई-अहमदपूरमार्गे कंधारला एस.टी.ने यायचे तर माणसाचा अर्धा दिवस मोडतो. छायाचित्रांना तेवढा वेळ लागला नाही. मन्याडच्या खोऱ्यातील वाड्या-तांड्यांपर्यंत ती पोहोचायला कोणत्याही रस्त्याची गरज नव्हती. दहावी-बारावीच्या परीक्षा त्याच आठवड्यात चालू होत्या. सकाळी उठून ज्यांना प्रश्नपत्रिका सोडवायची होती, त्यांतील किती मुलांनी आदल्या रात्री एका माणसाचे हाल होताना पाहिले, याची मोजदाद कोणी ठेवलेली नाही आणि ती ठेवणे शक्यही नव्हते.

ही चित्रे कोणा वार्ताहराने किंवा पंचनाम्यास गेलेल्या पोलिसाने काढलेली नव्हती, ही गोष्ट त्या गदारोळात फारशी कोणी ध्यानात घेतली नाही. आरोपपत्रातील कथनाप्रमाणे, मारहाण चालू असताना मारहाण करणाऱ्यांनीच ती आपल्या मोबाईलने टिपली. खटल्याचा निकाल लावणे हे न्यायासनाचे काम आहे आणि कोण दोषी, कोण निर्दोष, हे येथे ठरवावयाचे नाही. परंतु अशा चित्रणामागची वृत्ती ओळखण्यास निकालाची वाट पाहावी लागत नाही. केवळ जीव घेणे एवढाच हेतू असता, तर चित्रणाची गरजच नव्हती. उलट तो स्वतःच्याच गळ्यातला फास. तरीही चित्रण केले जाते, कारण त्या कृत्याला प्रेक्षक हवा असतो. स्वतःची मौज वाढावी आणि पाहणाऱ्याने धसका घ्यावा, या दोन्ही हेतूंना प्रेक्षकावाचून अर्थ नाही. मारेकऱ्याला स्वतःच्या बळावर जेमतेम पाच-दहा प्रेक्षक मिळाले असते. उरलेले सारे ज्यांनी मिळवून दिले, ती माणसे सभ्य, संतप्त आणि बहुधा सद्हेतूचीच होती.

सद्हेतूचा हा भाग महत्त्वाचा आहे. ही छायाचित्रे पुढे ढकलणाऱ्यांत गुंड नव्हते, असे नाही. पण त्यांत गुरुजी होते, कार्यालयांतील लिपिक होते, पतसंस्थांचे कर्मचारी होते, स्पर्धा परीक्षेच्या अभ्यासिकांत रात्र जागविणारे तरुण होते. चित्राखाली 'भावपूर्ण श्रद्धांजली' असे लिहून हात जोडल्याची खूण करायलाही ते विसरले नाहीत. काहींनी तर 'कमकुवत मनाच्या व्यक्तींनी पाहू नये' अशी सूचना वर जोडली. वय वर्षे चौदाच्या मुलाला या सूचनेइतके दुसरे आमंत्रण नाही, हे ज्याने वर्गात एक तास जरी शिकविले असेल त्याला ठाऊक असते.

मराठवाड्यात कोणाच्या अंत्ययात्रेला जाण्यास 'मातीला जाणे' म्हणतात. जो मातीला जातो तो हातचे काम टाकून, पायी किंवा मिळेल त्या वाहनाने जातो, मृताच्या घरच्यांसमोर उभा राहतो, काही न बोलता बसतो आणि आंघोळ करून मगच आपल्या घरात पाऊल टाकतो. या रीतीत कितीएक गोष्टी न सांगता सांभाळलेल्या असतात. वाटेवर अपघातात कोणी गेलेला दिसला तर अनोळखी शेतकरीही आपले उपरणे काढून त्याच्यावर टाकतो. लहान मुलांना चितेपाशी नेत नाहीत. घरातली एखादी वडीलधारी बाई त्यांना घेऊन शेजारच्या ओसरीवर बसते. यात अंधश्रद्धेचा थोडा अंश असेलही. परंतु मृत माणूस स्वतःचे अंग झाकू शकत नाही, म्हणून ते झाकण्याचे काम जिवंतांचे, ही समजूत कोणत्याही शास्त्राच्या आधी आलेली आहे. मोबाईलवरून मातीला जाणाऱ्याला काम टाकावे लागत नाही की घरच्यांच्या डोळ्याला डोळा भिडवावा लागत नाही. आणि आंघोळीचा तर प्रश्नच नाही, कारण चित्र पाहून झाल्यावर त्याच अंगठ्याने तो पुढचा विनोद उघडतो.

बघ्यांची वृत्ती आजची नव्हे, हे मान्य केले पाहिजे. ३० सप्टेंबर १९९३च्या पहाटे किल्लारी आणि परिसरातील गावे जमीनदोस्त झाली, लातूर-उस्मानाबाद जिल्ह्यांत मिळून दहा हजारांच्या घरात माणसे गेली. त्या वेळी मदतीला धावलेल्यांच्या मागोमाग केवळ पाहायला आलेल्यांची इतकी झुंबड उडाली की मदतकार्यालाच तिचा अडथळा झाला. तेव्हाही कॅमेरे होते आणि ढिगाऱ्यांची, चितांची छायाचित्रे वृत्तपत्रांत आली. फरक एवढाच होता की काढलेल्या पुष्कळ छायाचित्रांतून कोणते छापायचे आणि कोणते पाकिटात ठेवायचे, हे ठरविणारा कोणी एक माणूस कचेरीत बसलेला होता. तो चुकत असे, कधी खपाच्या मोहाला बळीही पडत असे. पण पानाच्या तळाशी बारीक टाइपात मुद्रक, प्रकाशक आणि संपादक यांची नावे देण्याची जी चाल १८६७च्या कायद्याने घातली, तिच्यामुळे जाब विचारायला एक नाव आणि एक पत्ता असे. कंधारसारख्या तालुक्याच्या गावाला ही ओळ चांगली परिचयाची आहे. याच गावाहून भाई केशवराव धोंडगे यांनी 'जयक्रांती' साप्ताहिक चालविले. त्यांच्या लेखणीने आणि विधिमंडळातील त्यांच्या जिभेने भल्याभल्यांना घायाळ केले, पण जे लिहिले त्याखाली नाव असे आणि त्याचे परिणाम भोगायची तयारीही असे. 'फॉरवर्ड' करणाऱ्याच्या तळाशी अशी ओळ नाही. मजकूर त्याचा नाही, छायाचित्र त्याचे नाही, आणि विचारले तर 'आले म्हणून पाठविले' हे उत्तर तयार.

या विवेचनावर एक आक्षेप येईल आणि तो साधा नाही. ही छायाचित्रे बाहेर पडली आणि दुसऱ्याच दिवशी, ४ मार्चला, मंत्री धनंजय मुंडे यांचा राजीनामा आला. मोर्चे, उपोषणे, विधिमंडळातील भाषणे यांनी जे तीन महिन्यांत झाले नव्हते, ते छायाचित्रांनी एका रात्रीत घडवून आणले, असे म्हणणारा मनुष्य खोटे बोलत नाही. याहून जुना आणि याहून जड दाखला खैरलांजीचा आहे. भंडारा जिल्ह्यातील त्या गावी २९ सप्टेंबर २००६ रोजी भोतमांगे कुटुंबातील चौघांची हत्या झाली, तेव्हा मोठ्या वृत्तपत्रांनी आठवडेच्या आठवडे तिची नीट दखलही घेतली नाही. कार्यकर्त्यांनी हातोहाती फिरविलेल्या छायाचित्रांमुळे महाराष्ट्राची झोप मोडली. अमेरिकेत १९५५ साली मिसिसिपीमध्ये एमेट टिल या चौदा वर्षांच्या कृष्णवर्णी मुलाला ठार मारण्यात आले, त्या वेळी त्याच्या आईने शवपेटी उघडी ठेवण्याचा आग्रह धरला आणि ते छायाचित्र छापू दिले. तेथील नागरी हक्कांच्या लढ्याला त्यातून केवढे बळ मिळाले, हे इतिहासाला ठाऊक आहे. मग झाकण्याचा आग्रह हा शेवटी बलवानांच्याच पथ्यावर पडत नाही काय?

कधी कधी पडतो. म्हणूनच हे दाखले बारकाईने पाहिले पाहिजेत. एमेटची पेटी उघडली ती त्याच्या आईने. मुलाच्या देहावर तिचा अधिकार होता. जगाला काय दाखवायचे, हे तिने दुःख गिळून स्वतः ठरविले आणि स्वतः पेटीपाशी उभी राहिली. खैरलांजीत व्यवस्था आणि वृत्तपत्रे दोघांनीही कान बंद केले होते. ज्यांनी छायाचित्रे फिरविली ते आपल्या नावानिशी रस्त्यावर उतरले होते आणि त्यांनी मार खाल्ला होता. शिवाय त्या छायाचित्रांनी मृत स्त्रियांची पुन्हा विटंबना झाली, ही बोचणी राहतेच. मस्साजोगच्या बाबतीत परिस्थिती वेगळी होती. वृत्तपत्रे गप्प नव्हती. तीन महिने रोज पहिल्या पानावर तोच विषय होता. आरोपपत्र न्यायालयात दाखल झालेले होते. त्या चित्रांत काय आहे, हे तपास यंत्रणेला आधीच माहीत होते. सरपंचांच्या पत्नीला, लेकरांना, भावाला कोणी विचारले नाही की हे दाखवू काय. आपल्या माणसाचे अखेरचे क्षण त्यांनाही इतरांबरोबरच, पडद्यावर पाहण्याची वेळ आली.

राजीनामा आला तो छायाचित्रांतून नवे काही कळले म्हणून नव्हे. आता सर्वांनी पाहिले, ही लाज अनावर झाली म्हणून आला. आधी कळलेल्यावर कृती करायची नाही आणि रस्त्यावरचा माणूस रक्त पाहून खवळला की मग करायची, अशी सवय राज्यकर्त्यांना लागणे हे त्या चित्रांहूनही भयंकर आहे. आणि एकदा ही सवय लागली की पुढच्या सरपंचासाठी, पुढच्या मुलीसाठी न्याय मागणाऱ्याला याहून भीषण चित्र शोधावे लागेल. ज्याच्या मृत्यूचे चित्रण झाले नाही, त्याचा कैवार मग घेणार कोण?

शब्दांनी काही होत नाही, हे म्हणणेही खरे नाही, आणि ते खोडून काढायला दूर जायला नको. कंधारचा गंभीर रुग्ण ज्या रुग्णालयाकडे धाडला जातो, त्या नांदेडच्या विष्णुपुरी येथील डॉ. शंकरराव चव्हाण शासकीय रुग्णालयात ऑक्टोबर २०२३च्या आरंभी चोवीस तासांत २४ रुग्ण दगावले. त्यांत १२ नवजात अर्भके होती. देश हादरला तो या दोन आकड्यांनी. औषधांचा तुटवडा, अपुरे मनुष्यबळ यांच्या बातम्या आल्या आणि मुंबई उच्च न्यायालयाने स्वतःहून प्रकरणाची दखल घेतली. यासाठी एकाही अर्भकाचा चेहरा कोणाच्या मोबाईलवर यावा लागला नाही. 'चोवीस तासांत बारा अर्भके' हे शब्द ज्याला बोचले नाहीत, त्याला त्यांची छायाचित्रेही बोचली नसती. फार तर त्याने ती पुढे पाठविली असती.

महाभारतात या प्रश्नाला स्पर्श करणारा एक प्रसंग आहे. युद्धापूर्वी व्यासांनी धृतराष्ट्राला दृष्टी देऊ केली, तेव्हा त्याने ती नाकारली. आपल्याच ज्ञातिबांधवांचा वध डोळ्यांनी पाहणे सोसवणार नाही, मात्र सारा वृत्तान्त ऐकेन, असे तो म्हणाला. आणि संजयाला ती दिव्यदृष्टी मिळाली. अठरा दिवसांत काय घडले, ते धृतराष्ट्राला यच्चयावत कळले. त्याचे पाप न पाहण्याचे नव्हते. जे कळत होते त्यावर आधीच काही न करण्याचे होते. जाणून घेणे आणि पाहणे यांत अंतर आहे, हे आजच्या वादात दोन्ही बाजू विसरतात. जनतेचा जाणून घेण्याचा हक्क पुरता आहे आणि त्यात कसूर होऊ नये. त्या हक्काचा अर्थ प्रत्येकाच्या खिशात मृतदेह असावा, असा होत नाही.

उलट, असे पाहण्याने जाणणे कमी होते. संतोष देशमुख कशामुळे मारेकऱ्यांच्या डोळ्यांत सलले, हे ज्यांनी ती छायाचित्रे पाहिली त्यांतील किती तरुणांना सांगता येईल? पवनचक्की प्रकल्पावर ६ डिसेंबर २०२४ रोजी एका सुरक्षारक्षकाला मारहाण झाली. तो त्यांच्या गावचा, दलित समाजातला माणूस. त्याच्यासाठी सरपंच धावून गेले आणि आडवे आले. तीन दिवसांनी त्यांचा खून झाला. गावच्या गरीब माणसामागे उभे राहणारा सरपंच, ही त्यांची खरी ओळख. छायाचित्राला ती दाखविता येत नाही. त्यात एक असहाय देह आणि त्याच्याभोवती उभी असलेली माणसे, एवढेच राहते. नायक मारेकरीच होतो. मग त्या देहाला जात चिकटविली जाते आणि मारणाऱ्यांनाही. त्या मार्चमध्ये मराठवाड्यातील शाळांत एकाच बाकावर बसणाऱ्या मुलांनी एकमेकांची आडनावे नव्या नजरेने पाहिली असतील, तर त्यात नवल नव्हते. दलित रक्षकासाठी मेलेल्या मराठा सरपंचाची गोष्ट वर्गात सांगितली असती, तर तीच मुले वेगळे काही शिकली असती.

चित्राला स्वतःचे गाव नसते आणि सालही नसते, हा दुसरा धोका. धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे १ जुलै २०१८ रोजी, बाजाराच्या दिवशी, मंगळवेढ्याकडून भिक्षेसाठी आलेल्या नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना मुले पळविणारे समजून जमावाने ठेचून मारले. त्या दिवसांत ही अफवा ज्या चित्रांच्या पंखांवर बसून फिरत होती, त्यांत निपचित पडलेल्या मुलांच्या रांगा होत्या. ती मुले सीरियातली होती. २०१३ सालच्या विषारी वायूच्या हल्ल्यात ती मेली होती. पाच वर्षांनी त्या लेकरांच्या कलेवरांचा उपयोग साक्री तालुक्यात पाच भिक्षेकऱ्यांचा जीव घ्यायला झाला, आणि ती हत्याही कोणीतरी टिपून पुढे पाठविली. त्याच महिन्यात व्हॉट्सॲपने भारतात एक संदेश एका वेळी पाचांपेक्षा अधिक ठिकाणी पाठविता येणार नाही, असा निर्बंध जाहीर केला. तो आवश्यकच होता. पण पाच ठिकाणी म्हणजे पाच गट आणि एकेका गटात शेकडो माणसे, हे गणित तालुक्याच्या पुढाऱ्यालाही येते.

मुलांच्या मनावर काय परिणाम होतो, याविषयी अंदाजाने बोलण्याचे कारण नाही. बोस्टन येथे २०१३ साली मॅरेथॉन शर्यतीत बॉम्बस्फोट झाले, त्यानंतर कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या संशोधकांनी केलेल्या पाहणीत असे आढळले की, दिवसाचे सहा तास किंवा अधिक त्या स्फोटांची दृश्ये व बातम्या पाहणाऱ्यांत तीव्र मानसिक ताणाची लक्षणे स्फोटस्थळी हजर असलेल्यांपेक्षाही जास्त होती. ही प्रौढांची गोष्ट. प्रत्यक्ष हजर असलेल्याला प्रसंगाचा शेवट दिसतो, मदत येताना दिसते, तो स्वतः काही करू शकतो. पडद्यावर तोच क्षण पुन्हा पुन्हा येतो आणि पाहणाऱ्याला हात हलविता येत नाही. चौदा-पंधराव्या वर्षी हे एकट्याने, पांघरुणाखाली, आवाज बंद करून पाहणाऱ्या मुलाची झोप उडाली, तर त्याला अभ्यासाचा ताण म्हटले जाते. काहींची झोप उडत नाही. त्यांना काही वाटेनासे होते. ती गोष्ट अधिक काळजीची.

आणि मुलांच्या हाती मोबाईल दिला कोणी? 'शाळा बंद, पण शिक्षण आहे' ही घोषणा २०२० साली शासनाची होती. करोनाच्या त्या दिवसांत वर्गावर्गांचे गट शिक्षकांनी बांधले, गृहपाठ त्यावर धाडला, आणि ज्या घरात मोबाईल नव्हता तेथे तो उसनवारीने आला. त्याला इलाज नव्हता. परंतु जी वाट शाळेने तयार केली, त्या वाटेवरून आता काय येते-जाते, ते पाहण्याची जबाबदारी शाळेला झटकता येणार नाही. बहुतेक घरांत आजही आई-बापाचा मोबाईल हाच मुलांचा मोबाईल असतो. बापाच्या गटावर आलेले चित्र त्याने उघडो न उघडो, आपोआप उतरते आणि घरातल्या लग्नाच्या छायाचित्रांशेजारी जाऊन बसते. धाकटी मुलगी आपला वाढदिवस शोधायला जाते, तेव्हा ते तिच्यासमोर येते. ही आपोआप उतरविण्याची सोय व्हॉट्सॲपच्या सेटिंगमध्ये बंद करता येते. पालकसभेत गणवेशावर होणाऱ्या चर्चेतली दहा मिनिटे यासाठी काढली तर काही बिघडणार नाही.

कायद्याकडून फार अपेक्षा करू नये. लैंगिक अत्याचाराच्या पीडितेची आणि गुन्ह्यात गोवलेल्या किंवा बळी पडलेल्या बालकाची ओळख उघड करणे गुन्हा आहे. मृतदेहालाही प्रतिष्ठेचा हक्क आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली परमानंद कटारा प्रकरणात मान्य केले. जानेवारी २०२३मध्ये माहिती व प्रसारण मंत्रालयाने वाहिन्यांना रक्ताची व मृतदेहांची दृश्ये न दाखविण्याविषयी तंबी दिली आणि ही दृश्ये समाजमाध्यमांवरून उचलून, कात्री न लावता दाखविली जातात, असे त्यात स्पष्ट म्हटले. दोन वर्षांनी मस्साजोगच्या वेळी त्या तंबीचे किती पालन झाले, ते सर्वांनी पाहिले. आणि समजा कायदा कडक झाला, तरी तालुक्याच्या ठाण्यातला हवालदार कोणाकोणाचे मोबाईल तपासणार?

म्हणून प्रश्न पुन्हा तालुक्याच्या गावापाशी आणि तेथील शिकल्यासवरल्या माणसांपाशी येतो. कंधारात शाळा आहेत, महाविद्यालये आहेत, अभ्यासिका आहेत. गटांचे चालक म्हणविणारे बहुतेक लोक याच वर्गातले आहेत. असे चित्र गटावर आले की ते ताबडतोब काढून टाकणे आणि पाठविणाऱ्याला चारचौघांत नव्हे, पण फोन करून विचारणे, एवढे त्यांच्या हाती आहे. शिक्षकांचे काम याहून अवघड. मुलांनी ते पाहिलेच नाही असे समजून दुसऱ्या दिवशी धडा पुढे चालू करणे सोपे असते. ३ मार्चच्या दुसऱ्या दिवशी बहुतेक ठिकाणी तेच झाले असेल, परीक्षा होत्या. मुले मात्र मधल्या सुट्टीत आपसांत बोलतात आणि त्या बोलण्यात वडीलधारे कोणी नसते. काय पाहिलेस, कोणी पाठविले, तू कोणाला पाठविलेस, रात्री झोप लागली काय, हे चार प्रश्न ओरडा न करता विचारणारा एखादा शिक्षक प्रत्येक शाळेत निघेल. उत्तरे मिळायला वेळ लागेल. पहिले काही दिवस 'काही नाही, सर' एवढेच ऐकू येईल.